डोंगरांचे डोळे आणि घरचा जावई

माणूस पदरचे पैसे मोडून हसतो, हे समजण्यासारखे आहे. पदरचे पैसे मोडून रडतो, तेही आपण कधीच मान्य केले आहे. नाटकाला निघताना जादा रुमाल बरोबर घेणाऱ्या आत्या-मावश्या कोणी पाहिल्या नाहीत? पण पदरचे पैसे मोडून, खोलीचे दार लोटून, दिवे मालवून स्वत:च्या काळजाचा ठोका चुकवून घेणारा आणि वर्षभराने पुन्हा तेच चित्र लावून बसणारा माणूस, हा काय प्रकार आहे?

ऐन दिवाळीत, चकलीच्या डब्याशेजारी वाचायचा हा विषय नव्हे, असे काही वाचक म्हणतील. परंतु दिवाळी अंकात एखादी भुताची गोष्ट असावी, ही आपली जुनी चाल आहे. शिवाय जे घरोघर पाहिले जाते त्याविषयी घरातल्यासारखे बोलावे, असा या सदराचा शिरस्ता. आणि यंदाच्या विषयाचा दिवाळसणाशीही थोडासा संबंध आहे. तो कसा, ते ओघात येईलच.

चित्राचे नाव 'द हिल्स हॅव आइज'. म्हणजे डोंगरांना डोळे असतात. आपल्याकडे भिंतींना कान असतात, तसे तिकडे डोंगरांना डोळे! 10 मार्च 2006 रोजी ते अमेरिकेत लागले, त्याला आता वीसएक वर्षे होत आली. ही मुळातली कृती नव्हे. वेस क्रेव्हन या दिग्दर्शकाने 1977 साली याच नावाचे चित्र तुटपुंज्या पैशांत, कॅलिफोर्नियातल्या मोहावी वाळवंटात काढले होते. त्याचीच ही नवी आवृत्ती. क्रेव्हन स्वत: तिच्या निर्मात्यांत होता, आणि दिग्दर्शन सोपवले होते अलेक्सांद्र आजा या तिशीही न गाठलेल्या फ्रेंच तरुणावर. नाव आजा, वय नातवाचे! पटकथा त्याने आपला मित्र ग्रेगरी लेव्हासूर याच्या साथीने लिहिली.

चित्र इतके क्रूर झाले की परीक्षण मंडळाने प्रथम त्याला सगळ्यांत कडक शिक्का मारला. काटछाट केल्यावर जरा सौम्य शिक्का मिळाला आणि मगच ते थिएटरांत गेले. सुमारे 1.5 कोटी डॉलर खर्च झाला होता; जगभरातून सुमारे 7 कोटी डॉलर आले. पुष्कळ समीक्षकांनी नाके मुरडली. त्या सुमारास जुन्या भयपटांना नवे रंग देऊन विकण्याची टूमच निघाली होती. 'टेक्सस चेनसॉ मॅसॅकर' 2003 साली आले, 'डॉन ऑफ द डेड' 2004 साली, 'हाऊस ऑफ वॅक्स' 2005 साली, 'द ओमेन' 2006 साली. यांतली काही चित्रे लोक विसरूनही गेले. 'डोंगरांचे डोळे' मात्र मिटले नाहीत. भयपटांचे शौकीन ते अजून काढून बघतात, त्यावर वाद घालतात, आणि मुळाहून नक्कल सरस निघाल्याची उदाहरणे देताना याचे नाव घेतात.

ज्यांना कथा ठाऊक नाही त्यांच्यासाठी ती थोडक्यात सांगतो. क्लीव्हलंड शहरातले कार्टर कुटुंब. बॉब आणि एथेल यांच्या लग्नाला पंचवीस वर्षे झाली, म्हणून सगळे मिळून मोटारीने कॅलिफोर्नियाला निघाले आहेत. मोटारीमागे चाकांवरचे घर जोडलेले. त्यात थोरली मुलगी लिन, तिचा नवरा डग, त्यांची तान्ही कॅथरीन, धाकटी मुलगी ब्रेंडा, मुलगा बॉबी आणि ब्यूटी व बीस्ट नावाचे दोन अल्सेशियन कुत्रे. वाटेतला पेट्रोलपंपवाला त्यांना जवळचा रस्ता म्हणून न्यू मेक्सिकोच्या ओसाड वाळवंटात धाडतो. तिथे कोणीतरी मुद्दाम टाकलेल्या काट्यांनी मोटारीची चाके फाटतात. त्या डोंगरांत माणसे राहतात. अणुबाँबच्या चाचण्यांच्या काळात खाणकामगारांनी आपले गाव सोडायला नकार दिला. त्यांच्याच वंशातली, शरीराने वेडीवाकडी झालेली ही माणसे वाटसरूंना मारून खातात. त्या एका रात्रीत बॉब जातो, एथेल जाते, लिन जाते, आणि तान्ही कॅथरीन पळवली जाते. सकाळी तिला परत आणायला निघतो तो डग, घरचा जावई.

ही झाली गोष्ट. हिच्यात न उमगण्यासारखे काही नाही, आणि रक्ताचे म्हणाल तर रक्त कुठल्याही चित्रात मिळते. बादलीभर तांबडा रंग आणि चार किंकाळ्या एवढ्या भांडवलावर निघालेली चित्रे शेकड्यांनी आहेत. मग हेच का टिकले?

माझे उत्तर कदाचित विचित्र वाटेल. ते टिकले, कारण ते मुळात कौटुंबिक चित्र आहे.

पहिला बराच वेळ या चित्रात कोणी राक्षस धड दिसतही नाही. सुरुवातीच्या एका झटक्यानंतर आपण पाहतो तो निव्वळ संसार. बापाला वाटते, रस्ता आपल्यालाच कळतो. आईला वाटते, सगळ्यांनी एकत्र आहे तोवर दोन घटका गोड बोलावे. धाकटी मुलगी कंटाळली आहे. मैत्रिणींना सोडून कुठे या उन्हात आलो, हे तिच्या चेहऱ्यावर लिहिलेले आहे. तान्ही रडते. गाडी बंद पडते, तेव्हा बाप आणि जावई मदत आणायला दोन दिशांना निघतात, आणि निघण्याआधी आई सर्वांना हात धरून प्रार्थना करायला लावते. मुलांना त्यात फारसा रस नाही. पण आईचे मन मोडायचे नाही म्हणून ती माना खाली घालतात. आपल्याकडे प्रवासाला निघताना हातावर दही ठेवतात, तेव्हा तरुण मंडळींचा चेहरा असाच असतो.

नंतर धाकटा बॉबी पळालेल्या कुत्रीला शोधायला डोंगरात जातो आणि तिची चिरफाड झालेली पाहतो. परत येऊन तो गप्प राहतो. आई आणि बहिणी घाबरतील, म्हणून! एवढ्या लहान वयात घरातला पुरुष होण्याचा त्याचा तो केविलवाणा प्रयत्न, आणि त्या गप्प राहण्याची मोजावी लागलेली किंमत. हे पाहताना प्रेक्षकाला भुताची भीती वाटत नाही. 'अरे, सांग ना!' असे तो मनात ओरडत असतो. ही भीती आपल्या ओळखीची आहे. घरातल्या माणसाने घरातल्या माणसापासून चांगल्या हेतूने लपवलेली गोष्ट, ही प्रत्येक घरात असते.

म्हणूनच पुढे मरणे सुरू झाली की ती मोजदादीपुरती राहत नाहीत. पुष्कळ भयपटांत पात्रे मरण्यासाठीच आणलेली असतात. कोण आधी जाणार याची आपण पैज लावतो आणि पैज जिंकली की चिवडा खातो. इथे कॅथलीन क्विनलनने रंगवलेली ती आई गोळी लागून पडलेली असते, मुले तिच्याभोवती असतात, आणि चिवड्याची बशी तशीच राहते. भरतमुनींनी नाट्यशास्त्रात रौद्रातून करुण आणि बीभत्सातून भयानक उपजतो, असे सांगून ठेवले आहे. बीभत्सापासून भयानकापर्यंत पोचणारे चित्रपट उदंड आहेत. रौद्रातून करुणापर्यंत जाणारे थोडे, आणि हे त्या थोड्यांतले एक.

आता जावयाकडे वळू. 'जामाता दशमो ग्रह:' असे आपल्याकडे म्हणतात. दिवाळसणाला आलेल्या जावयाला पाटावर बसवायचे, अत्तर लावायचे, आहेर करायचा, आणि तो रुसणार नाही ना इकडे डोळा ठेवायचा! कार्टरांच्या घरी ग्रहमान उलटे आहे. सासरा निवृत्त पोलिस अधिकारी, पिस्तूल बाळगणारा, आवाजाचा माणूस. जावई मोबाईल फोन विकणारा, चष्मेवाला, बंदुकीला हात न लावणारा. राजकारणातही दोघांची तोंडे दोन दिशांना. टेड लेव्हिनचा सासरा मोठ्याने हसत जावयाला टोमणे मारतो, आणि आरन स्टॅनफर्डचा डग ते ओठ आवळून गिळतो. या घरात सर्वांत कमी किमतीचा माणूस कोण, असे कोणी विचारले असते तर कुत्र्यांनीसुद्धा त्याच्याकडे बोट दाखवले असते.

आणि बंदूकवाला सासरा पहिल्याच रात्री जातो. उरतो तो हा. सकाळी एका कुत्र्याला बरोबर घेऊन तो निघतो, तेव्हा त्याच्या अंगी कुठलीही विद्या संचारत नाही. तो धडपडतो, मार खातो, किंचाळतो, पळतो, पुन्हा वळतो. आपल्या हिंदी चित्रपटांत नायकाला राग आला की त्याच्या मुठीत आपोआप दहा हत्तींचे बळ येते. डगच्या मुठीत तसले काही येत नाही. त्याच्यापाशी एकच गोष्ट आहे, ती म्हणजे मुलगी डोंगरापलीकडे जिवंत आहे ही आशा. मुलीच्या बापाला तेवढी पुरते.

आमच्या घरी हे चित्र आणले तेही जावईबापूंनीच. गेल्या दिवाळीला मुलगी आणि ते आले होते. रात्री जेवणे उरकल्यावर, मुलगी आणि आठ महिन्यांची नात झोपल्यावर, त्यांनी ते लावले. जावईबापू अबोल आहेत. 'भाजी कशी झाली आहे?' या प्रश्नाला 'छान' एवढेच उत्तर देऊन आमच्या सौभाग्यवतींना वर्षभर विचारात पाडणारे. सौभाग्यवती स्वयंपाकघराच्या दारात उभ्या राहून, पदर अर्धा तोंडावर धरून, 'मी काही बघत नाहीये' असे सांगत सगळे बघत होत्या. मध्येच त्यांनी विचारले,

"ती तान्ही सुखरूप राहते ना हो? तेवढं सांगा, मग मी जाते झोपायला."

"राहते, आई," जावईबापू म्हणाले.

तरी त्या गेल्या नाहीत. चित्र संपल्यावर मी जावईबापूंना विचारले, "तुम्ही हे कितव्यांदा पाहिलंत?"

"मोजलं नाही, बाबा. कॉलेजात असताना मित्रांबरोबर बघायचो, तेव्हा कोण कसं मरतं त्याचीच मजा वाटायची." ते जरा थांबले. "ही झाल्यापासून दुसऱ्यांदा बघतोय. आता बाकीचं काही दिसतच नाही. ते पोर कुठं आहे, एवढंच बघत असतो."

अबोल माणसाने एका दमात बोललेली एवढी वाक्ये मी त्यांच्या तोंडून प्रथमच ऐकली. चित्र टिकते म्हणजे काय होते, याचा हा एक नमुना. तेच चित्र, तीच दृश्ये, पण पाहणाऱ्याच्या पदरात मूल आले की त्यातला मजकूर बदलतो.

आता दुसरी बाजू. ही डोंगरातली माणसे आली कुठून? जुन्या चित्रामागे स्कॉटलंडमधली एक दंतकथा होती. सॉनी बीन नावाचा कोणी इसम समुद्रकाठच्या गुहेत आपल्या गोतावळ्यासह राहत असे आणि वाटसरूंना मारून खात असे. राजाने माणसे आणि शिकारी कुत्रे नेऊन त्या सर्वांना पकडले आणि चौकशीशिवाय, बायकापोरांसकट, हालहाल करून मारले, अशी ती कथा. इतिहासकार ती खरी मानत नाहीत. पण क्रेव्हनला तिच्यातले शेवटचे कलम खुपले. रानटी कोण, गुहेतले की त्यांना जाळणारे? क्रेव्हन हा कर्मठ बाप्टिस्ट घरातला, जिथे सिनेमा वर्ज्य. पुढे तो महाविद्यालयात शिकवत होता. पापपुण्याचा हिशेब त्याच्या हाडीमासी खिळला होता. 2015 साली तो वारला, तोवर लोकांना घाबरवता घाबरवता हाच हिशेब मांडत राहिला.

आजाने या हिशेबात एक मोठी रक्कम वाढवली. ती म्हणजे अणुबाँब. चित्राच्या सुरुवातीला एक जुने गोड प्रेमगीत वाजते, आणि त्या सुरांवर स्फोटांची छत्रे एकामागून एक उमलतात. अमेरिकेने 1945 ते 1962 या काळात उघड्या हवेत तीनशेहून अधिक चाचण्या केल्याचे पडद्यावर सांगतात. आकडा फुगवलेला आहे. उघड्यावरच्या अमेरिकी चाचण्या दोनशे-सव्वादोनशेच्या घरात जातात. पण मूळ गोष्ट खोटी नाही. पहिला बाँब 16 जुलै 1945 रोजी न्यू मेक्सिकोतच फोडला गेला. आसपासच्या वस्त्यांना आधी कोणी काही सांगितले नव्हते. नेव्हाडात 1951 पासून चाचण्या सुरू झाल्या, आणि तिथे 5 मे 1955 रोजी एक आख्खे खोटे गाव उभारून त्यावर बाँब टाळण्याचे नव्हे, बाँब झेलण्याचे प्रयोग झाले. घरे बांधली, त्यांत टेबले-खुर्च्या मांडल्या, आणि दुकानातल्या पुतळ्यांना कपडे घालून आई, बाप, मुले म्हणून बसवले. स्फोटानंतर त्यांचे काय झाले याची छायाचित्रे आजही पाहायला मिळतात.

चित्रातला डग आपल्या मुलीला शोधत अशाच एका गावात शिरतो. घराघरांत पुतळ्यांचे संसार मांडलेले. धुळीने माखलेली पुतळ्यांची आई, पुतळ्यांचे बाळ. आणि त्यांच्या शेजारी हाडामांसाची, वेडीवाकडी माणसे राहत आहेत. त्यांतला एक, डोके प्रचंड सुजलेला, खुर्चीला खिळलेला, डगला सुनावतो की आमची घरे तुम्ही जाळलीत, आम्हांला असे तुम्हीच केलेत. तो अमेरिकेचे राष्ट्रगीतही गुणगुणतो. पुढे झटापटीत डगच्या हाती छोटासा अमेरिकी झेंडा येतो, आणि त्याचीच काठी तो समोरच्याच्या गळ्यात खुपसतो. दिग्दर्शकाने हे काही हळुवारपणे सांगितलेले नाही. कानाशी ढोल बडवावा तसे सांगितले आहे. पण सांगितले आहे ते खरे आहे. सरकारने केलेल्या पापाची वसुली ज्यांनी ते केले त्यांच्या दारी जात नाही. पंचवीस वर्षांच्या संसाराची सहल काढणाऱ्या एका कुटुंबाच्या दारी येते.

यातली आणखी एक गंमत ध्यानात घ्या. न्यू मेक्सिको म्हणून आपण जे वाळवंट पाहतो ते आहे मोरोक्कोतले, वार्झाझातजवळचे. फ्रेंच माणूस आफ्रिकेत जाऊन अमेरिकेचे पाप चित्रित करतो आहे. आणि शेजारच्याच अल्जीरियात, सहारा वाळवंटात, 13 फेब्रुवारी 1960 रोजी फ्रान्सने आपला पहिला अणुबाँब फोडला होता! चित्रात त्याचा उल्लेख नाही. पण वाळू तीच, वाराही तोच.

मात्र एका बाबतीत चित्राच्या पदरी माप घालता येत नाही. या चाचण्यांनी माणसांचे खरोखर काय झाले? राखेच्या वाटेत आलेल्या कुटुंबांत कर्करोग आले, थायरॉइडचे रोग आले. अमेरिकेने 1990 साली कायदा करून अशा काही लोकांची माफी मागितली आणि भरपाई देऊ केली. पण जिथे पहिला बाँब फुटला त्या न्यू मेक्सिकोतल्या रहिवाशांना त्या कायद्यात जागा मिळायला 2025 साल उजाडले. ऐंशी वर्षे! हिरोशिमा-नागासाकीतून वाचलेल्यांच्या पुढच्या पिढीवर डॉक्टरांनी अनेक दशके नजर ठेवली आहे. स्फोटाच्या वेळी आईच्या पोटात असलेल्या काही मुलांना इजा झाली, हे खरे. परंतु नंतर गर्भ राहून जन्मलेल्या मुलांत जन्मजात व्यंगे वाढल्याचे सिद्ध झालेले नाही. म्हणजे चित्रातले राक्षस कल्पनेतले. आणि खरे पीडित कोण, तर रुग्णालयाच्या रांगेत नंबर लावून बसलेली साधी माणसे. ज्यांच्यावर अन्याय झाला त्यांनाच नरभक्षक करून दाखवायचे आणि मग त्यांच्या मरणावर टाळ्या घ्यायच्या, हा व्यवहार मला पटत नाही.

वाकड्या शरीरात वाकडे मन असते, ही समजूत फार जुनी आणि फार दुष्ट आहे. 1977 च्या चित्रात प्लूटोचे काम करणारा मायकल बेरीमन जन्मत:च एका विकाराने ग्रस्त होता. अंगावर केस नाहीत, घामाच्या ग्रंथी नाहीत. अशा माणसाने मोहावीच्या उन्हात उभे राहून काम केले, आणि त्याचाच चेहरा जाहिरातीवर लागला. नव्या आवृत्तीत रंगभूषाकारांनी रबरी मुखवट्यांची कमाल केली आहे. पण मुखवट्यामागचा विचार तोच. आजाने रूबी नावाची एक मुलगी त्यांच्यात ठेवली आहे, जी तान्हीला वाचवते आणि त्यासाठी आपला जीव देते. तेवढीच एक खिडकी. ती जरा मोठी हवी होती. शिवाय त्या चाकांवरच्या घरात ब्रेंडावर जो अत्याचार होतो तो दाखवताना दिग्दर्शकाने कॅमेरा जरा लवकर वळवला असता तर चित्राचे काही बिघडले नसते. आमच्या सौभाग्यवती तेवढ्यापुरत्या खरोखरच आत निघून गेल्या, आणि भांडी आवश्यकतेपेक्षा बऱ्याच मोठ्याने लावली गेली.

हे सगळे मान्य करूनही चित्र मनातून जात नाही. त्याचे कारण शेवटच्या अर्ध्या भागात दडले आहे. बंदुकीला हात न लावणारा डग मारू लागतो, आणि आपण त्याच्या बाजूने ओरडू लागतो. घरात झुरळ निघाले तर शेजाऱ्यांना बोलावणारी माणसे आपण! पण त्या क्षणी कुऱ्हाड आपल्याच हातात आली असती तर बरे, असे वाटते. तिकडे ब्रेंडा आणि बॉबी, परवापर्यंत एकमेकांवर खेकसणारी भावंडे, आपल्या फुटक्या घरातल्या गॅसच्या टाक्यांचा सापळा रचून वाट पाहत बसतात. सगळे घर शस्त्र झालेले असते. अखेर डग रक्ताने न्हाऊन, तान्हीला छातीशी धरून परत येतो, तेव्हा तो कालचा माणूस असतो का? भावंडे त्याला मिठी मारतात. मेजवानी नाही, हसू नाही. आणि दूरवरून, दुर्बिणीतून, कोणीतरी त्यांच्याकडे अजून पाहत असते.

हलक्या भयपटात राक्षस मेला की हिशेब मिटतो आणि आपण दिवे लावतो. इथे मुलगी मिळाली याचा आनंद होतो आणि त्याचवेळी मनात येते, की ही मुलगी मोठी झाल्यावर विचारील, 'आई कशी गेली? आजी-आजोबा कसे गेले? आणि बाबा, तुम्ही काय केलंत?' त्याला तो काय सांगणार? माझ्या मते लोक पुन्हा पुन्हा या चित्राकडे वळतात ते या न सांगितलेल्या उत्तरासाठी. आपल्या माणसांसाठी आपण कुठवर जाऊ, हे कोणाही सभ्य गृहस्थाला ठाऊक नसते, आणि देव करो, ते कळायची वेळ कोणावर न येवो. पण प्रश्न मनात असतो. तो घरबसल्या, सुरक्षितपणे, दोन तासांत विचारून घेता येतो. पुढच्या वर्षी, पदरात मूल आले, आईबाप थकले, की पुन्हा एकदा विचारून पाहता येतो. 2007 साली याचा दुसरा भाग निघाला. त्यात सैनिक आले, बंदुका आल्या, घर मात्र गेले. तो कोणाला फारसा आठवत नाही, यात नवल नाही.

मग हे चित्र पाहावे की पाहू नये? आमच्याकडे यावर दोन पक्ष पडले आहेत. सौभाग्यवतींचे म्हणणे, "जगात खरं दु:ख कमी आहे का, म्हणून विकत आणायचं?" मी त्यावर उत्तर दिलेले नाही, कारण प्रश्न बिनतोड आहे. एवढेच सांगेन, की मुलांना हे दाखवू नका. सोळा-सतरा वर्षांची पोरे 'आम्हांला काही होत नाही' म्हणतील, त्यांनाही थोडे थांबू द्या. ज्यांच्या आयुष्यात असा घाव खरोखर बसला आहे, त्यांनी या वाटेला जाऊच नये. ज्यांना भुतेच हवी असतील त्यांची इथे निराशा होईल. आणि ज्यांना पाहायचेच असेल त्यांनी भरल्या पोटी पाहू नये. फराळ आधी दोन तास उरकलेला बरा.

त्या रात्री दिवे लागल्यावर कोणी फारसे बोलले नाही. जावईबापू उठले, आतल्या खोलीचे दार अलगद ढकलून पाळण्यात डोकावले आणि परत आले. पाठोपाठ सौभाग्यवती डोकावून आल्या. मग मीही.